हातोड्यांची वही

ऑल्डरविकच्या इतिहास मंडळाची बैठक दर गुरुवारी दुपारी दोनला भरायची. नऊजण यायचे. त्यातले सहा चहा-बिस्किटांसाठी येतात हे सगळ्यांना ठाऊक होतं, दोघांना खरोखरच इंजिनांचं वेड होतं, आणि नववी म्युरिअल हक्स्टेबल. ती कशासाठी येते हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. आठवड्यातून एकदा तरी कुणीतरी आपल्याला नावानं हाक मारावी, एवढ्यासाठी ती यायची. चौऱ्याऐंशी वर्षांची विधवा बाई, मूलबाळ नाही, शेजारी दर दोन वर्षांनी बदलणारे. सोमवारी दुकानात दूध आणायला गेली की गल्ल्यावरची पोरगी विचारायची, "पिशवी हवी?" त्यानंतर थेट गुरुवारपर्यंत तिच्याशी कुणी अवाक्षर बोलायचं नाही.

त्या गुरुवारी मंडळाचे सचिव क्लाइव्ह पेंबर्टन भलतेच खुशीत होते. हे गृहस्थ भूगोलाचे निवृत्त मास्तर, मूळचे दक्षिणेकडचे. ऑल्डरविकात येऊन त्यांना जेमतेम बारा वर्षं झाली होती, पण गावचा इतिहास त्यांनी असा काही अंगावर घेतला होता, की जन्मापासून इथं राहिलेल्यांनाच उपऱ्यासारखं वाटावं. रेल्वेचा कारखाना बंद पडून सव्वीस वर्षं झाली होती. जिथं बॉयलर ठोकले जायचे, त्याच छपराखाली आता पडदे, पायमोजे आणि वासाच्या मेणबत्त्या विकत. त्या बाजाराच्या मालकांनी जुन्या फाटकाच्या भिंतीवर एक पितळी पाटी लावायचं कबूल केलं होतं, आणि तिच्यावरची नावं क्लाइव्हनी टाइप करून आणली होती.

"'ज्यांच्यासाठी हातोडे वाजले'," त्यांनी मथळा वाचला आणि चष्म्यावरून सगळ्यांकडे पाहिलं. "बॉयलरखात्यातली चारशे बारा माणसं. पुढच्या शुक्रवारी ओतायला जाणार. एकदा पितळेत उतरलं की अक्षरसुद्धा हलणार नाही, तेव्हा आपापली माणसं तपासून घ्या."

म्युरिअलनं कागद डोळ्यांजवळ नेला. हॉलिस, हॉवर्थ, हंट. हंटच्या खाली थेट इंगहॅम. तिनं बोट ठेवून पुन्हा वाचलं. मग कागद उलटा करून मागची बाजूही पाहिली. मागं काय असणार, कपाळ!

"लेन नाही यात," ती म्हणाली.

"कोण नाही?"

"लेन. लेनर्ड हक्स्टेबल. माझा नवरा. अठ्ठेचाळीस वर्षं होता तो बॉयलरखात्यात."

क्लाइव्हचा चेहरा खरोखर पडला. माणूस वाईट नव्हता. त्यांनी काचेच्या कपाटातून एक जाडजूड काळी वही काढली आणि पानं उलटत बसले.

त्या वहीची गोष्ट अशी. बॉयलरखात्यातला माणूस कायमचा घरी निघायचा त्या दिवशी त्याला हातोड्यांनी निरोप द्यायची रीत होती. साडेचारला तो खात्याच्या आतल्या टोकाकडून चालायला लागायचा, आणि दोन्ही बाजूंची दीड-दोनशे माणसं हाताला लागेल त्या लोखंडावर ठोकायला लागायची. पत्रे, रूळ, तुळया, काहीही. तो फाटकाबाहेर पडेपर्यंत कुणी थांबायचं नाही. आवाज सगळ्या गावात जायचा. बायका हातातलं काम टाकून दारात यायच्या, "आज कोण सुटलं गं?" म्हणून एकमेकींना विचारायच्या. जिच्या घरचा माणूस असेल ती बाई एप्रन काढून, केस सारखे करून उंबऱ्यात उभी असायची. मग खात्यातला कामगारांचा पुढारी या वहीत त्याचं नाव लिहायचा, पुढं नोकरीची वर्षं, आणि त्यापुढं ते हातोडे कानांनी ऐकलेल्या दोघांच्या सह्या. कारखान्याचे बाकीचे कागद बंद पडताना रद्दीत गेले. ही वही तेवढी उरली. क्लाइव्हनी साहजिकच धरलं होतं, की बॉयलरखात्यात जो होता तो या वहीत असणारच.

"वहीत नाहीत हो ते," क्लाइव्ह म्हणाले. "लिहायचं राहिलं असणार कुणाकडून तरी. तुम्ही ऐकले होते ना हातोडे? घर जवळच होतं तुमचं."

खोलीतली आठही डोकी तिच्याकडे वळली होती.

"ऐकले की," म्युरिअल म्हणाली.

झालं. तोंडातून निघून गेलं ते गेलंच. चौऱ्याऐंशी वर्षांत ती फारशी खोटं बोलली नव्हती, त्यामुळे कान लाल व्हायला लागले ते तिचे तिलाच कळले.

"मग प्रश्नच मिटला!" क्लाइव्हनी वही मिटली. "फक्त खात्यातल्या एका माणसाचं तोंडी सांगणं हवं. नियम आहे आपला. काय करणार, कोण कुठले नातू येतात आणि म्हणतात आमच्या आजोबांचं नाव घाला, आजोबा असतात टपालात. आता खात्यातलं कोण आहे बरं हयात? एक ऑस्ट्रेलियात, एकाला स्वतःचं नाव आठवत नाही. हां, विल्फ गारबट! ते तर शेवटचे पुढारी. ही वही त्यांनीच दिली आपल्याला. त्यांनी 'वाजले' एवढा शब्द सांगितला की पुरे. पुढच्या गुरुवारपर्यंत जमेल?"

नेमका विल्फ गारबट. सगळं जग सोडून तोच उरायचा होता.

लेनसाठी हातोडे वाजले नव्हते. चौऱ्याऐंशी सालच्या ऑक्टोबरातला तो शुक्रवार म्युरिअलला काल झाल्यासारखा आठवत होता. तिनं सकाळीच केक भाजला होता. चार वाजल्यापासून ती निळा झगा घालून दारात उभी होती, कारण कुठंतरी मनात वेडी आशा होती, की निदान आज तरी, शेवटच्या दिवशी तरी. साडेचारचा भोंगा झाला. तिनं कान टवकारले. समोरच्या घरातला रेडिओ ऐकू येत होता, कुठंतरी कुत्रं भुंकत होतं, आणि कारखान्यातून एक टाचणी पडल्याचाही आवाज नाही. जरा वेळानं लेन कोपऱ्यावरून वळून आला, डबा काखेत मारून. दारात आल्यावर म्हणाला, "चहा टाकलायस का?" आणि आत जाऊन बूट काढायला बसला. त्या विषयावर नवराबायको पुढं कधीच बोलले नाहीत.

त्याला वाळीत टाकलं होतं. सत्तावन्न सालापासून. त्या वर्षी साहेबांनी घड्याळ घेतलेला एक कारकून प्रत्येकाच्या डोक्यावर आणून उभा केला, पत्रे जोडणारा एकेक रिव्हेट मारायला किती सेकंद लागतात ते मोजायला, आणि बॉयलरखातं भडकून संपावर गेलं. तीन आठवडे संप चालला. तिसऱ्या आठवड्यात लेन एकटा फाटकातून आत गेला. बस्स, एवढंच. संप जिंकून माणसं परत आली त्या दिवसापासून लेन हक्स्टेबल त्यांच्या लेखी नव्हता. शिव्या नाहीत, मारामारी नाही, काही नाही. कुणी त्याच्याकडे बघायचंच नाही. आता बॉयलरखात्यात इतका गदारोळ असायचा की बोललेलं ऐकूच यायचं नाही, माणसं एकमेकांच्या ओठांकडे बघून बोलायची. त्यामुळे ज्याच्याकडे कुणी बघत नाही त्याला मुकं होण्यावाचून गत्यंतर नव्हतं. सत्तावीस वर्षं! खुनी माणूससुद्धा त्याच्या आधी सुटून घरी येतो. आणि हे सगळं ठरवणारा, 'आजपासून याच्याकडे कुणी बघायचं नाही' म्हणून सांगणारा माणूस होता विल्फ गारबट, जो अकरा वर्षं लेनचा जोडीदार होता. लेन बाहेरून रिव्हेट ठोकायचा आणि विल्फ बॉयलरच्या पोटात बसून आतून ठोकळा धरायचा.

शनिवारी म्युरिअल बस पकडून विल्फ राहायचा त्या म्हाताऱ्यांच्या वसाहतीत गेली. दोन रात्री ती वाक्य घोळवत होती. विनंती करायची, भांडायचं नाही. जुनं काढायचं नाही. एक शब्द मागायचा आणि परत यायचं.

पण बॉयलरवाल्यांचे कान कसले असतात हे ती विसरली होती.

"कोण?" विल्फ खुर्चीतून ओरडला. माणूस नुसता हाडांचा सापळा झाला होता, पण आवाज अजून खात्यातला.

"म्युरिअल हक्स्टेबल."

"कोण म्हणालात?"

"हक्स्टेबल! लेनची बायको!"

हे मात्र त्याला ऐकू आलं. त्यानं टीव्हीचा आवाज बंद केला, कानातलं यंत्र बोटानं दाबलं आणि तिच्याकडे बघत राहिला.

"बसा, हक्स्टेबलबाई."

"बसायला नाही आले. एक काम आहे." तिनं पाटीची, वहीची, नियमाची हकिगत सांगितली. सांगितली म्हणजे काय, ओरडून सांगितली. निम्मं दोनदा सांगितलं. दार उघडंच होतं, आणि बाहेर व्हरांड्यात एका म्हातारीची चालायची चाकांची चौकट जात होती ती जागच्या जागी थांबली.

"म्हणजे मी काय सांगायचं?"

"वाजले म्हणून."

"वाजले नाहीत."

"मला माहीत आहे वाजले नाहीत!" म्युरिअलचा आवाज चढला. "दारात उभी होते मी! मला काय शिकवतोस?"

"मग खोटं सांगू म्हणता?"

"हो! खोटं सांग! एकदा. मेलेल्या माणसासाठी. काय बिघडणार आहे तुझं?"

विल्फनं मान हलवली. "त्या वहीत खोटं नाही चालत, बाई. संप मोडला त्यानं. दोनशे माणसांची पोरंबाळं उपाशी होती आणि हा गडी डबा घेऊन आत गेला. का? तर साहेबाची मर्जी राखायला."

आता मात्र म्युरिअलला राहवेना. दोन रात्री घोळवलेलं सगळं वाक्य कुठल्या कुठं गेलं.

"साहेबाची मर्जी? अरे, माझी आई मरायला टेकली होती! पेन्झन्सला, देशाच्या पार दुसऱ्या टोकाला. तार आली होती. आणि संपावरच्यांचे गाडीचे फुकट पास साहेबांनी बंद केले होते, आठवतंय? तिकीट काढायला घरात काय होतं? मी रडले त्याच्यापुढं. मीच म्हणाले, एक दिवस जा, माझा पास सोडवून आण. तो नाहीच म्हणत होता. दोन दिवस नाही म्हणाला. तिसऱ्या दिवशी उठून गेला, संध्याकाळी पास आणून माझ्या हातात ठेवला. मी पोचले आणि चौथ्या दिवशी आई गेली, माझा हात धरून. माझ्यापायी झालं ते. मी पाठवलं त्याला!"

व्हरांड्यातली चौकट अजून हलली नव्हती.

"मग तेव्हा का नाही बोलला तो?" विल्फनं विचारलं. "तोंड होतं ना त्याला?"

"त्याच्याशी बोलत कोण होतं, विल्फ?"

विल्फचा हात पुन्हा कानातल्या यंत्राकडे गेला.

"मी गेले होते तुमच्याकडे," म्युरिअल म्हणाली. "महिन्याभरानं. त्याला न सांगता. तुझ्या एडनानं दार उघडलं. लग्नात माझी पाठराखीण होती ती. मला बघितलं आणि दार लावून घेतलं. बारा वर्षं एकाच दोरीवर कपडे वाळत घातले आम्ही, आणि तोंडावर दार! बरोबर आहे. तू सांगितलं होतंस ना, बघायचं नाही म्हणून."

"एडना मला बोलली नाही काही."

"बोलली असती तर?"

या प्रश्नावर विल्फ टीव्हीच्या मुक्या पडद्याकडे बघत राहिला. तिथं कुणीतरी केक भाजत होतं. म्युरिअलनं वाट बघितली. तिला वाटलं, आता विरघळेल. माणूस आहे, दगड तर नाही.

"खोटं नाही सांगणार मी," तो म्हणाला.

"नको सांगूस. जसा होतास तसाच मर." आणि ती निघाली. बसमध्ये ती खिडकीकडे तोंड करून रडली. शेजारी बसलेल्या मुलानं कानातली गाणी काही काढली नाहीत, त्यामुळे तेवढं एक बरं झालं.

पुढचे चार दिवस तिनं स्वतःला बजावलं, की गुरुवारी जायचंच नाही. विल्फ क्लाइव्हला फोन करून सांगणार, ती बाई खोटारडी आहे म्हणून. सगळे चहा ढवळत तिच्याकडे बघणार. त्यापेक्षा घरात बसलेलं बरं. पण बुधवारी संध्याकाळी घरात इतकं शांत होतं, इतकं की फ्रिजची घरघर थांबल्यावर तिला दचकायला झालं. आणि तिच्या लक्षात आलं, की गुरुवारी आपण गेलो नाही तर पुढच्या गुरुवारीही जाणं होणार नाही. मग आपल्या नावानं हाक मारणारं पृथ्वीवर कुणी उरणार नाही. ती कोट घालून गेली.

क्लाइव्ह वही उघडून बसले होते. सव्वादोनला दार ढकललं गेलं आणि विल्फ गारबट आत आला. काळा सूट, टाय, चालायला चौकटीचा आधार, आणि मागं टॅक्सीवाला त्याची टोपी धरून. खोलीतली माणसं उठून उभी राहिली. शेवटचा पुढारी म्हणजे या मंडळात राजाच. म्युरिअल तेवढी उठली नाही.

"या, या, गारबट!" क्लाइव्हना काय करू नि काय नको झालं. "एवढ्याशा कामासाठी कशाला तसदी घेतलीत? फोनवर सांगितलं असतंत तरी चाललं असतं. लेनर्ड हक्स्टेबल. हातोडे वाजले ना?"

"नाही वाजले," विल्फ म्हणाला.

चहाच्या कपात चमचा वाजत होता तो थांबला. क्लाइव्हनी म्युरिअलकडे पाहिलं. "पण तुम्ही तर म्हणालात, ऐकले..."

"खोटं बोलले मी," म्युरिअल म्हणाली. तिची नजर टेबलावर होती. आता काय राहिलं होतं लपवायला?

"त्यांना बोलू नका, मास्तर," विल्फ म्हणाला. "खोटं कुणी लिहिलंय ते मी दाखवतो. शेवटचं पान काढा. माझी नोंद. वाचा."

"विल्फ्रेड गारबट, सेहेचाळीस वर्षं," क्लाइव्हनी वाचलं. "ऐकणारे: टी. हंट, जे. मॉसमन."

"हंट आणि मॉसमन तेव्हा गुत्त्यात बसले होते. दोन्ही सह्या मी केल्यात." तो खुर्चीत बसला आणि दम घेतला. "शहाऐंशीचा मार्च. कारखान्याचा शेवटचा दिवस. हातोडे आदल्याच दिवशी लिलावात गेलेले. माणसं जेवायला म्हणून बाहेर पडली ती परत आलीच नाहीत, येऊन तरी काय करायचं होतं? किल्ल्या माझ्याकडे. साडेचारला मी आतल्या टोकाकडून निघालो. माझ्या आधी किती जणांना मी ठोकून ठोकून बाहेर काढलं असेल, मोजदाद नाही. आणि मी चाललो तर माझेच बूट वाजतायत. फाटकाला कुलूप घातलं. कालव्याच्या रस्त्याला लागलो. आणि मागच्या गल्लीतून लोखंडावर घाव पडायला लागले."

त्यानं कानातलं यंत्र दाबलं, जणू अजून ऐकायचं होतं.

"एकच हातोडा. कोळशाच्या पेटीचं झाकण असणार. बघायची गरज नव्हती मला. अकरा वर्षं बॉयलरच्या पोटात बसून तो घाव हातावर घेतलाय. दोन हलके, एक जोराचा. तसं दुसरं कुणी ठोकत नसे. लेन हक्स्टेबल होता तो. त्याच्या परसात, एकटा."

म्युरिअलनं पहिल्यांदाच मान वर केली. "काय म्हणालास?"

"मी वळून बघितलं नाही," विल्फ म्हणाला. "घरी गेलो, वही काढली आणि खोट्या सह्या ठोकल्या. त्याचं नाव लिहायला हात धजला नाही. शनिवारी तुझ्यापुढंही तोंड उघडलं नाही माझं. लाज वाटते म्हणून नाही सांगितलं, म्युरिअल. दुसरं काही कारण नाही."

त्यानं पेन मागितलं. क्लाइव्हनी वही धरली. दोन्ही खोटी नावं त्यानं खोडली आणि वर लिहिलं: 'वाजवणारा एल. हक्स्टेबल. एकटा.' मग खालच्या कोऱ्या ओळीवर बराच वेळ काढून, एकेक अक्षर कोरल्यासारखं लिहिलं, आणि लिहिता लिहिता मोठ्यानं वाचलं, कारण हळू बोलणं त्याला कधी जमलंच नव्हतं. 'लेनर्ड हक्स्टेबल, अठ्ठेचाळीस वर्षं. हातोडे वाजले नाहीत. मी वाजू दिले नाहीत. वि. गारबट.'

"पण मग पाटीचा मथळा..." क्लाइव्ह चाचरले.

"मथळा तुमचा आहे, मास्तर. तुम्ही बघा."

क्लाइव्हनी क्षणभर आपल्या टाइप केलेल्या कागदाकडे पाहिलं. बिचाऱ्यांनी त्या तीन शब्दांवर महिनाभर घालवला असेल. पण त्यांनी ते सरळ काट मारून खोडले, वर 'बॉयलरखात्यातली माणसं' असं लिहिलं, आणि हंट व इंगहॅमच्या मधे एक नाव घातलं. चारशे तेरा.

बैठक लवकर आटोपली. विल्फची टॅक्सी यायला वेळ होता, म्युरिअलची बसही नव्हती. दोघं फाटकाजवळच्या बाकावर बसले. समोरून माणसं पडद्यांच्या पिशव्या घेऊन जात होती. पंचावन्न वर्षं न बोललेल्या माणसांनी सुरुवात तरी कुठून करायची? हवेवर बोलून झालं. एडना कशानं गेली ते विचारून झालं.

"किती वेळ ठोकत होता तो?" म्युरिअलनं शेवटी विचारलं.

"मी कोपरा वळेपर्यंत. वळल्यावरही. घराचं दार लावलं तरी ऐकू येत होतं."

"थांबला का नाहीस?"

"थांबलो असतो तर त्याच्याकडे बघावं लागलं असतं," विल्फ म्हणाला. टॅक्सी आली. जाताना त्यानं टोपी काढली आणि म्हणाला, "येतो, म्युरिअल." परत कधी भेटू असं दोघांपैकी कुणीच म्हणालं नाही.

ती घरी आली आणि कोट न काढताच मागच्या परसात गेली. कोळशाची पेटी गॅस आल्यावर कधीच काढून टाकली होती, तिथं आता फरशी होती. त्या मार्चमध्ये ती शाळेच्या भटारखान्यात कामाला होती. पाचला घरी आली असणार. लेननं दार उघडलं असणार, चहा दिला असणार. हातोडा अजून हाताच्या उबेनं कोमट असेल. आणि एक शब्द बोलला नाही. त्यानंतर पाच वर्षं जगला, तरीही नाही.

तिला लेनचा राग आला. मी इकडे जन्मभर तुझ्यासाठी त्या माणसाच्या नावानं बोटं मोडली, चर्चमध्ये गेले तरी त्याच्या वाटेला चांगलं मागितलं नाही, आणि तू त्याला त्या दिवशीच माफ करून टाकलंस? मला का नाही सांगितलंस? तिनं हे मोठ्यानं म्हणायला तोंड उघडलंसुद्धा.

आणि उत्तर तिला माहीत होतं. विल्फ गारबटचं नाव या घरात काढायची बंदी होती. लेननं नाही, तिनं घातली होती. त्याच दिवशी त्यानं सांगितलं असतं, की मी विल्फला ठोकून निरोप दिला, तर तिनं आकाशपाताळ एक केलं असतं, आठवडाभर त्याच्याशी बोलली नसती. म्हणून तो गप्प बसला. कारखान्यात सत्तावीस वर्षं त्याच्याशी कुणी बोललं नाही, आणि मनातलं एकुलतं एक मोठं सांगायचं होतं तर ते घरीही सांगायची सोय नव्हती.

ती फरशीवर उभी राहिली. शेजारच्या परसात नवीन बिऱ्हाडाची बाई कपडे काढत होती, तिनं कुंपणावरून सहज बघितलं.

"सगळं ठीक आहे ना हो?" त्या बाईनं विचारलं.

म्युरिअलला तिचं नाव माहीत नव्हतं. "माझा नवरा चांगला माणूस होता," ती म्हणाली.